ही-मॅन: खेळणी आधी आली, गोष्ट नंतर

ऐंशीच्या दशकातला खेळण्यांचा आणि कार्टूनचा हिरो ही-मॅन, त्याच्या नव्या सिनेमावर भरपूर चर्चा चाललीये पण मागचा इतिहास बघितल्याशिवाय त्याच्यावर सिनेमा काढणं इतकं अवघड का आहे ते कळत नाही. इथे आधी खेळणी आली, गोष्ट नंतर रचली. १९७६ ला मॅटेल या खेळण्यांच्या कंपनीने स्टार वॉर्सची खेळणी काढायची संधी सोडली, ती केनर या दुसऱ्या कंपनीने घेतली आणि पिक्चर आल्यावर केनरची चांदी झाली. मग मॅटेलला स्वतःचा हिरो हवा होता, त्यातून १९८२ ला ही-मॅनची खेळण्यांची सिरीज मास्टर्स ऑफ द युनिव्हर्स बाजारात आली. खर्च वाचवायला बऱ्याच फिगरना तेच पीळदार अंग नि तेच वाकलेले पाय, फक्त डोकं, रंग आणि चिलखत वेगळं, आणि ही-मॅन ज्यावर बसतो तो बॅटल कॅट म्हणजे तर मॅटेलच्याच जुन्या बिग जिम सिरीजमधला वाघ, हिरवा रंगवून त्यावर खोगीर चढवलेला!

गोष्ट यायची ती फिगरसोबतच्या छोट्या कॉमिकमधून. सुरुवातीच्या कॉमिकमधला ही-मॅन टोळीतला रानटी योद्धा आहे, तलवार उंचावून ही-मॅन होणाऱ्या राजपुत्र ॲडमचा पत्ताच नाही. ॲडम नंतर आला आणि १९८३ पासून फिल्मेशन स्टुडिओच्या १३० एपिसोडच्या कार्टूनने तोच पक्का केला. आपल्याकडे दूरदर्शनवर हेच लागायचं आणि लिओ कंपनीने भारतात काढलेल्या फिगर दुकानात मिळायच्या, त्यामुळे आपल्या पिढीचा ही-मॅन म्हणजे ॲडम, त्याचा घाबरट वाघ क्रिंजर (जो पुढे बॅटल कॅट होतो), गमत्या जादूगार ऑर्को आणि कॅसल ग्रेस्कल हा किल्ला.

१९८७ च्या कॅनन फिल्म्सच्या सिनेमात यातलं फक्त ग्रेस्कल उरलं. डॉल्फ लुंडग्रेन ही-मॅन, पण ॲडम नाही, बॅटल कॅट नाही, ऑर्कोच्या जागी ग्विल्डॉर नावाचा बुटका, आणि ही-मॅनचं जग इटर्निया उभं करायला पैसे नाहीत म्हणून अर्ध्याहून जास्त गोष्ट कॅलिफोर्नियातल्या एका गावात. शेवटी तर पैसे इतके संपले की शेवटची लढाई शूट करायला दिग्दर्शक गॅरी गोडार्डला झगडावं लागलं. फ्रँक लँजेलाचा खलनायक स्केलेटर मात्र जबरदस्त आहे, मुखवट्याखालूनही आवाजाच्या जोरावर राज्य करतो. साधारण २.२ कोटी डॉलर लागले, अमेरिकेत १.७ कोटीच आले. दुसऱ्या भागाची तयारी झालेली ती मोडली आणि त्याचे सेट नि कपडे वापरून कॅननने व्हॅन डॅमचा सायबॉर्ग हा सिनेमा काढला.

माझ्या मते चूक पैशांपेक्षा विश्वासाची होती. पोरांनी जमिनीवर मांडलेलं ते विचित्र जग, तलवारी आणि लेझर एकत्र, हेच तर सगळं आकर्षण होतं आणि सिनेमा नेमका त्यापासूनच पळाला.

नंतर कितीतरी वर्षं नव्या सिनेमाचा प्रोजेक्ट एका स्टुडिओकडून दुसऱ्याकडे फिरला, सोनीकडे रखडला, नेटफ्लिक्सने घेतला आणि २०२३ ला सोडला. मग ॲमेझॉन एमजीएमने उचलला, ही-मॅन निकोलस गॅलिट्झिन, दिग्दर्शक ट्रॅव्हिस नाइट, तारीख ठरली ५ जून २०२६. नाइटचं नाव ऐकून मला बरं वाटलं कारण ट्रान्सफॉर्मर्सचा बम्बलबी हा सिनेमा त्याचाच, आणि त्यात सायबरट्रॉन या रोबोटांच्या ग्रहावरच्या सीनमधे रोबोट ऐंशीच्या दशकातल्या खेळण्यांसारखेच दिसतात, लाज न बाळगता.