‘रोजो नो रेइकोन’ आणि ‘शुद्ध’ या शब्दाचा घोळ

एप्रिल १९२१ मध्ये आलेला जपानी मूकपट ‘रोजो नो रेइकोन’, म्हणजे रस्त्यावरचे आत्मे. नाव कमवायला शहरात गेलेला मुलगा हरून घरी परततो. सोबत बायको आणि आजारी लेक. ती चिमुरडी बर्फाळ डोंगरातून आजोबांच्या घरापर्यंत पोचते, पण आजोबांचा राग निवत नाही. त्याच वाटेने तुरुंगातून सुटलेले दोघे भुकेले चालले आहेत, त्यांना मात्र एका परक्याची दया लाभते. जवळच्या बंगल्यात नाताळची धामधूम. कॅमेरा या घरातून त्या घरात, त्या वाटेवरून या वाटेवर जात राहतो.

ही मांडणी त्या काळच्या जपानी प्रेक्षकाला नवखी होती. पडद्यावर बायकांची कामं तेव्हा बहुतेक पुरुषच करत. १६२९ मध्ये स्त्रियांना रंगमंचावर बंदी झाली तेव्हापासूनची स्त्रीपार्टाची परंपरा सिनेमातही चालत आली होती. पडद्याशेजारी उभा राहून गोष्ट सांगणारा बेन्शी हा खरा आकर्षणबिंदू. हे सगळं बदलू पाहणाऱ्या तरुणांनी आपल्या चळवळीला ‘जुन-एइगागेकी’, शुद्ध चित्रनाट्य, म्हटलं. हा चित्रपट त्याच चळवळीतला.

‘शुद्ध’ म्हणजे काय, यावर अजून वाद होतो. निर्भेळ जपानी, असा अर्थ घेतला तर हा चित्रपट पहिल्याच रिळात नापास. कथेचा अर्धा भाग एका जर्मन नाटकातून, अर्धा एका रशियन नाटकातून आलेला. समांतर गोष्टी गुंफण्याची रीत १९१९ मध्ये जपानात दाखवलेल्या एका अमेरिकी चित्रपटाची. मार्गदर्शक तर मुरलेला नाटकवाला, आणि कठोर बापाची भूमिकाही त्यानेच केली! माझ्या मते शुद्धता हवी होती ती सांगण्याच्या रीतीत: गोष्ट निवेदकाने नव्हे, चित्रांनी सांगायची. तो अर्थ धरला तरच हा चित्रपट न्यायाने पाहता येतो.

धंदा झाला नाही. चित्रपट काढणारी संशोधन संस्था त्याच वर्षी बंद पडली. १९२३च्या भूकंपात असंख्य जुनी रिळं जळाली, हा चित्रपट मात्र वाचला. स्त्रीपार्टी नट पडद्यावरून लवकरच गेले. बेन्शी टिकले, १९२७ मध्ये त्यांची संख्या सहा हजारांच्या वर होती. बोलपटाने त्यांची रोजी हिरावली तेव्हा १९३२ मध्ये संप झाले. आजही जपानात जुन्या मूकपटांचे खेळ होतात, तेव्हा पडद्याशेजारी बेन्शी उभा असतो.