कुलूप कुणाचं?

लातूरच्या मोंढ्यात काकांची आडत आहे. सोयाबीनच्या हंगामात भावाची विचारणा, मालाच्या हिशोबाच्या पट्ट्या, बँक खात्याचे नंबर, सगळं व्हॉट्सअ‍ॅपवर चालतं. निरोप वाटेत कुणी वाचू नये म्हणून ते तिथं कुलूपबंद होऊन जातात. परवा परळीच्या आत्याला पट्टी धाडायला बसले, तर तिच्या चॅटमध्ये ‘सुरक्षा कोड बदलला’ अशी ओळ. काकांनी फोन माझ्यापुढं धरला. "ह्यो आक्काचाच फोन हाय ना रे?"

नेमका हाच प्रश्न विचारायला हवा.

उघडी कुलपं गावभर वाटायची आणि चावी मात्र आपल्या कनवटीला ठेवायची, अशी ही निरोप कुलूपबंद करायची पद्धत. ते वाटलेलं कुलूप म्हणजे सार्वजनिक किल्ली. दाबून लावेल कुणीही, उघडेल फक्त चावीवाला. 1977 मध्ये रिव्हेस्ट, शमीर आणि एडलमन या तिघा संशोधकांनी असं कुलूप गुणाकारातून घडवलं. 67 गुणिले 131 कागदावर मिनिटात होतं: 8777. हा गुणाकार म्हणजे कुलूप, त्या दोन संख्या म्हणजे चावी. पण नुसता 8777 देऊन ‘हा कोणत्या दोन संख्यांचा गुणाकार?’ विचारलं, तर एकेकीनं भागून बघत बसावं लागतं. 2048 बिटांच्या किल्लीत ही संख्या 617 अंकी असते. व्हॉट्सअ‍ॅपचं गणित वेगळं, पण खुलं कुलूप आणि खासगी चावी तिथंही आहेच.

असं कुलूप फोडायच्या फंदात सहसा कुणी पडत नाही. आत्याचं म्हणून मधल्याच कुणी स्वतःचं कुलूप काकांच्या हाती दिलं, तर निरोप तो उघडेल, वाचेल आणि आत्याच्या कुलपात पुन्हा बंद करून पुढं धाडेल. दोघांनाही पत्ता लागणार नाही.

मग कुलूप खरंच कुणाचं, हे ठरवायचं कसं? सोयरीक जुळवताना आपण पाहुण्यांकडून चौकशी करतो, तशीच रीत फिल झिमरमन यांच्या 1991 च्या पीजीपी या निरोप कुलूपबंद करणाऱ्या सॉफ्टवेअरमध्ये रुळली: जी किल्ली मी स्वतः तपासली, तिच्यावर माझी सही, माझ्यावर विश्वास असेल तर तुम्हीही ती माना. दुसरी रीत दाखल्याची. 2000 च्या माहिती तंत्रज्ञान कायद्याखाली परवाना मिळालेल्या संस्था ‘ही किल्ली अमक्याची’ असं प्रमाणपत्र देतात. सरकारी कामाला तेच बरं.

काकांना मात्र दाखला नको होता, आक्का हवी होती. मी चॅटमधलं ‘एन्क्रिप्शन’ उघडलं. क्यूआर कोडखाली 60 अंक, पाच-पाचांचे बारा गट. हाच तो सुरक्षा कोड. दोघांच्या किल्ल्यांवरून निघालेले हे अंक दोन्ही फोनांवर सारखेच हवेत. मध्ये कुणी घुसला असेल तर जुळत नाहीत. साधा फोन लावून दिला. आवाज तर जन्माच्या ओळखीचा. आत्या चष्मा लावून एकेक गट वाचू लागली, काका बोट सरकवत "हां... हां" म्हणत गेले. सातव्या गटाला आत्या अडखळली. "थांब रे, एक ओळ सुटली जणू." पुन्हा पहिल्यापासून.

बाराही जुळले. आत्यानं नवा फोन घेतला होता, म्हणून कोड बदललेला. काकांनी पट्टी पाठवली.