सहवर्ती प्रतिरक्षा

शरीरात मुरलेला जुना संसर्ग त्याच जंतूच्या नव्या संसर्गाला थोपवतो, त्या अवस्थेस सहवर्ती प्रतिरक्षा म्हणतात. गोवर येऊन गेला की विषाणू जातो आणि संरक्षण मागे उरते. इथे मात्र जंतू थोड्या संख्येने आतच राहतो आणि संरक्षण बऱ्याच अंशी त्याच्या मुक्कामावर अवलंबून असते. अल्जीरियात हिवताप आणि गुरांच्या गोचीडजन्य रोगांवर काम करणाऱ्या एडमंड सर्जों व सहकाऱ्यांनी १९२० च्या दशकात या अवस्थेला ‘प्रीम्युनिशन’ हे नाव रूढ केले.

सोलापूर जिल्ह्यातील पशुपालकाला याचा पडताळा गोठ्यात येतो. गोचिडांमधून पसरणाऱ्या बबेसिया या परजीवीमुळे तांबड्या रक्तपेशी फुटतात, सडकून ताप येतो आणि लघवी गडद तांबडी होते. सुमारे नऊ महिन्यांपर्यंतची वासरे हा रोग बरीच सोसतात. सांगोला-मंगळवेढ्याकडचे खिलार वासरू कानाच्या आत, कासेजवळ, शेपटीच्या बुडाशी गोचिडे घेऊनच वाढते. त्या वयात हलका संसर्ग होऊन गेला तर ते पुढे वाहक बनते, म्हणजे परजीवी अंगात बाळगूनही धडधाकट राहते. गोचिडे नसलेल्या बंदिस्त गोठ्यातून आणलेली संकरित गाय त्याच दावणीला बांधली, तर दोन-तीन आठवड्यांत तिने वैरण खाणे सोडावे आणि शेजारच्या खिलाराने निवांत रवंथ करावा, असे घडू शकते. याचे सगळे श्रेय जातीच्या काटकपणाला दिले जाते. जातीचा वाटा आहेच, पण लहानपणी मुरलेल्या संसर्गाचाही आहे, आणि तो सहसा कोणी मोजत नाही.

वाहक जनावर ओळखणे अवघड. आजारी गाईच्या कानाच्या टोकाचे रक्त काचपट्टीवर पसरून गिम्सा रंग दिला की रक्तपेशीत नासपतीच्या आकाराचे जोडीजोडीने बसलेले परजीवी दिसतात. वाहकाची पट्टी बहुधा स्वच्छच निघते. सोलापूरच्या सिद्धेश्वर यात्रेतल्या, म्हणजे गड्ड्याच्या, बाजारात घेतलेले धडधाकट जनावरही म्हणून नव्या गोठ्यातल्या गोचिडांना परजीवी पुरवू शकते. वाहक जनावराची प्लीहा (पाणथरी) काढून टाकली तर दबलेला रोग पुन्हा उसळतो; वाहक अवस्थेला लगाम घालण्यात प्लीहेचा वाटा मोठा, हे त्यावरून कळले.

उपचारातला पेच इथेच आहे. इमिडोकार्ब या औषधाच्या मोठ्या मात्रेने परजीवी समूळ जाऊ शकतो, पण मग गोचिडांच्या भागात ती गाय कालांतराने रोगाला पुन्हा उघडी पडू शकते. सर्जोंचा सिद्धांत मात्र जसाच्या तसा टिकला नाही: परजीवी पूर्ण गेल्यावरही गुरांत प्रतिकार काही काळ राहतो, असे पुढच्या प्रयोगांत दिसले.

शिस्टोसोमा या रक्तकृमीची तऱ्हा वेगळी. प्रौढ कृमी यजमानाच्याच रक्तपेशींवरील रेणू अंगावर पांघरून वर्षानुवर्षे सुरक्षित राहतो, पण त्याच्यामुळे जागी झालेली प्रतिरक्षा कातडीतून नव्याने शिरलेल्या अळ्यांना मारते. महाराष्ट्रात माणसांतील या कृमीचे ठाणे रत्नागिरी जिल्ह्यातील गिमवी येथे आढळले होते.

सहवर्ती प्रतिरक्षेमागची यंत्रणा कातडीवर व्रण उठवणाऱ्या लेश्मानिया परजीवीवरील उंदरांच्या प्रयोगांनी २००२ मध्ये बरीच उलगडली. व्रण भरल्यावरही कातडीत थोडे परजीवी उरतात, कारण नियामक टी-पेशी आणि इंटरल्युकिन-१० हे द्रव्य प्रतिरक्षेला हात आखडता घ्यायला लावतात. ते द्रव्य अडवले तेव्हा परजीवी पार नाहीसे झाले, आणि उंदरांचे पुन्हा होणाऱ्या संसर्गापासूनचे संरक्षणही ओसरले.

माणसांत हिवतापाच्या भागात वारंवार ताप येऊन अशी अर्धीमुर्धी प्रतिरक्षा तयार होते; काही वर्षे दूर राहिल्यास ती क्षीण होते. क्षयरोगात, प्रतिजैविके येण्यापूर्वीच्या परिचारिका व वैद्यकीय विद्यार्थ्यांच्या नोंदींसह केलेल्या २०१२ च्या एका आढाव्यात, सुप्त संसर्ग असलेल्यांना नव्या संसर्गातून क्षय होण्याचा धोका ७९ टक्क्यांनी कमी आढळला. तरीही सुप्त क्षय कोणी मुद्दाम जपत नाही. एचआयव्ही, मधुमेह किंवा कुपोषणात तोच जुना जंतू उठतो, म्हणून क्षयरुग्णाच्या घरातील लोकांना प्रतिबंधक औषध दिले जाते.