दलाल क्षमस्व: स्टार्टअप विकायच्या साइट आल्या कुठून

माझ्या मामाची दादरला छोटी ऑफसेट प्रेस होती. ९८ साली विकायला काढली तेव्हा पेपरात तीन ओळींची जाहिरात दिली, 'चालू धंदा मशीन व गिऱ्हाइकांसह विकणे आहे, दलाल क्षमस्व'. पहिले चार फोन दलालांचेच आले, आणि शेवटी प्रेस गेली तीही त्यातल्याच एकाच्या ओळखीने, दोन टक्के देऊन. आता माझा एक मित्र अंधेरीत बसून स्वतःचं बिलिंगचं सॉफ्टवेअर ऑनलाइन विकायला काढतोय. महिन्याची कमाई, खर्च, किती गिऱ्हाईकं सोडून गेली, विकायचं कारण, सगळे रकाने भरलेले, फक्त कंपनीचं नाव झाकलेलं, समोरच्याने गुप्ततेच्या करारावर सही केली की मग नाव दिसणार. मामाला दाखवलं तर म्हणाला, अरे हा तर बॉक्स नंबर झाला, पेपरातल्या जाहिरातीत नाव न देता नुसता नंबर द्यायचे तसा!

चुकीचं नाही बोलला तो. मुंबईत शेअर-दलालीचं काम १८५० च्या दशकात टाउन हॉलसमोरच्या वडाखाली चालायचं, म्हणजे आजच्या हॉर्निमन सर्कलपाशी. अमेरिकेतल्या यादवी युद्धामुळे तिकडचा कापूस थांबला, इथल्या कापसाला सोन्याचा भाव आला आणि त्या पैशावर नुसत्या कागदावरच्या कंपन्या निघायला लागल्या, दलालांत प्रेमचंद रायचंद हे तेव्हाचं सगळ्यात मोठं नाव. १८६५ ला युद्ध संपलं आणि सगळं धाडकन खाली. १८७५ मध्ये दलालांनी रीतसर असोसिएशन केली, तेच पुढे बीएसई, म्हणजे मुंबईचा शेअर बाजार, आणि गल्लीचं नावच दलाल स्ट्रीट पडलं. हे जुनं पुराण एवढ्यासाठी की रस्त्याने जाणाऱ्या कोणालाही कागदी कंपनीचा शेअर गळ्यात मारता येऊ नये ही भीती तेव्हापासूनची आहे, आणि माझ्या मते पुढचे बरेचसे नियम तिच्यातूनच आलेत.

नेटवर आधी आली ती पूर्ण धंदा विकायची बाजू. अमेरिकेत बिझबायसेल १९९६ पासून आहे, म्हणजे मामाच्या जाहिरातीच्याही आधी (त्याला सांगितलं नाहीये). मग मेलबर्नच्या साइटपॉइंटवर लोक आपापल्या वेबसाइट विकायला लागले आणि २००९ ला त्यातून फ्लिपा वेगळी निघाली. गुंतवणुकीची बाजू २०१० ला एंजललिस्टने उघडली, नवल रविकांत आणि बाबक निवी यांनी, सुरुवातीला म्हणजे काय तर एंजलांची, म्हणजे नव्या कंपनीत खिशातले पैसे लावणाऱ्यांची, एक यादी आणि ईमेलवर ओळखी करून देणं, बस. पण अमेरिकेतही पैसे उभारतोय हे चारचौघात सांगायला बंदी होती, ती तिथल्या २०१२ च्या जॉब्स कायद्याने सैल झाली.

आपल्याकडे मुंबई एंजल्स २००६ चं, पण तो क्लब, मेंबरांसमोर उभं राहून पिच करायचं, म्हणजे आपला धंदा पटवून द्यायचा. ऑनलाइन म्हणाल तर बंगळुरूचं लेट्सव्हेंचर, २०१३. आणि त्याच वर्षीच्या कंपनी कायद्यात खरी मेख आहे: खाजगीत शेअर द्यायचे तर वर्षाला २०० माणसांपर्यंतच, तेही ठरवून बोलावलेल्या, जाहिरात करायची नाही. आता साइट म्हणजे तर सगळ्यांना उघडी! शेअर बाजारावर देखरेख ठेवणाऱ्या सेबीने २०१४ मध्ये क्राउडफंडिंगवर, म्हणजे पुष्कळ लोकांकडून थोडेथोडे पैसे ऑनलाइन गोळा करण्यावर, चर्चेचा मसुदा काढला, तो तसाच राहिला, आणि ऑगस्ट २०१६ मध्ये उलट इशाराच दिला की असे प्लॅटफॉर्म आमच्याकडे मान्यता घेतलेले नाहीत, जपून. म्हणून मग लॉगिन, केवायसी, आणि पैसा शक्यतो २०१३ च्या एंजल फंडाच्या (एंजलांनी एकत्र पैसे टाकायचा फंड) नियमातून फिरवायचा. त्यात २०१२ च्या बजेटपासून एंजल टॅक्स, म्हणजे वाजवी किमतीच्या वर मिळालेला प्रीमियम कंपनीचं उत्पन्न धरून त्यावर कर, भांडवल आणि कमाई यातला फरकच कोणी मानेना. तो गेला थेट २०२४ च्या जुलैतल्या बजेटमध्ये.

अख्खी कंपनी विकायला ही भानगड कमी, कारण तिथे समोर गुंतवणूकदारांचा घोळका नसतो, एकच गिऱ्हाईक असतं. २०२० ला अँड्र्यू गॅझडेकीने मायक्रोअक्वायर काढलं, नंतर नाव बदलून अक्वायर डॉट कॉम झालं, आणि दोन-तीन माणसांची सॉफ्टवेअरची दुकानंसुद्धा विकता येतात हे लोकांच्या डोक्यात बसलं. मित्राने बघून बघून तसेच रकाने भरलेत.

त्याचं सध्या अडलंय ते वेगळ्याच गोष्टीवर. घेणारा म्हणतो आधी कोड आणि डोमेन, हा म्हणतो आधी पैसे, आणि मधे एस्क्रो, म्हणजे सौदा पुरा होईपर्यंत पैसे सांभाळणारा तिसरा, ठेवायचा तर त्याची फी कोणी भरायची यावर तीन आठवडे ईमेल चालू आहेत. मामाच्या वेळी टोकनची रक्कम दलालाच्या खिशात राहायची आणि मशीनची चावीसुद्धा.