ललिता पवार

ललिता पवार : (१८ एप्रिल १९१६ – २४ फेब्रुवारी १९९८). मराठी व हिंदी चित्रपटांतील ख्यातनाम चरित्र अभिनेत्री. मूकपटाच्या अखेरच्या पर्वात बालकलाकार म्हणून पडद्यावर आलेल्या ललिताबाई दूरदर्शनच्या मालिकांचे युग सुरू झाल्यावरही काम करत होत्या. सामान्य प्रेक्षकाला त्या आठवतात खाष्ट सासू किंवा मंथरा म्हणून. ही आठवण खोटी नाही, पण अर्धवट आहे. त्यांच्या सर्वांत सकस भूमिकांमध्ये सासू क्वचितच आढळते.

त्यांचे मूळ नाव अंबिका लक्ष्मणराव सगुण. जन्म नाशिक जिल्ह्यातील येवला येथे झाला. येवला हे पैठणीचे गाव आणि वडील रेशमी व सुती कापडाचे सधन व्यापारी. १९२८ च्या ‘राजा हरिश्चंद्र’ या मूकपटात त्यांनी बालभूमिका केली आणि पुढील काही वर्षांतच त्या नायिका झाल्या. पवार हे आडनाव पहिले पती गणपतराव पवार यांच्याकडून आले. त्यांचा दुसरा विवाह निर्माते राजप्रकाश गुप्ता यांच्याशी झाला.

नायिका म्हणून त्यांची कारकीर्द आज जवळपास विस्मरणात गेली आहे. ‘कैलास’ (१९३२) हा मूकपट त्यांनी स्वतः सहनिर्मिती करून काढला. ‘आलम आरा’ने १९३१ मध्ये पडद्याला वाचा दिलेली असताना पुढच्या वर्षी मूकपटात पैसा घालणे धाडसाचेच होते, आणि घालणारी मुलगी जेमतेम सोळा वर्षांची होती. बोलपट आल्यावर उच्चार किंवा आवाज साथ देईना म्हणून मूकपटांतील अनेक नटनट्या मागे पडल्या. ललिताबाईंना ही अडचण आली नाही. ‘हिम्मत-ए-मर्दा’ (१९३५) मध्ये त्यांनी आपली गाणी स्वतःच गायली. ‘दुनिया क्या है’ (१९३८) या बोलपटाच्या निर्मात्याही त्याच होत्या. भालजी पेंढारकरांचा ‘नेताजी पालकर’ (१९३९), मास्टर विनायकांचा ‘अमृत’ (१९४१) आणि ‘गोरा कुंभार’ (१९४२) हे त्या काळातील त्यांचे महत्त्वाचे मराठी चित्रपट.

१९४२ मध्ये ‘जंग-ए-आझादी’च्या चित्रीकरणात एका प्रसंगात सहकलाकार भगवान (पुढे भगवानदादा म्हणून प्रसिद्ध) यांना त्यांच्या थोबाडीत मारायची होती. चपराक जोरात बसली. चेहऱ्याच्या एका बाजूला पक्षाघात झाला आणि डाव्या डोळ्याची शीर फुटली. दीर्घकाळ उपचार झाले, तरी डोळ्यातील व्यंग कायमचे राहिले. त्या वेळी त्यांचे वय २६ होते. निर्दोष चेहरा ही तेव्हाच्या नायिकेची पहिली अट असल्याने तो मार्ग बंद झाला.

इथून पुढची हकिगत बहुधा एका वाक्यात उरकली जाते : डोळा अधू झाला, म्हणून त्या खलनायिका झाल्या. हे मत तितकेसे पटत नाही. बारीक झालेल्या डोळ्यामुळे त्यांच्या रोखून पाहण्याला धार आली, हे खरे. परंतु पुढे ज्या केळेवालीने आणि ज्या घरमालकिणीने प्रेक्षकांना रडवले, त्यांचाही डोळा तोच होता. फरक बाकीच्या अभिनयात होता. वाक्याच्या शेवटी आवाज किंचित चढवून समोरच्याला बोलायला जागाच न ठेवणे, मान वळवण्याआधी नजर वळवणे, पदर खोचण्याच्या लकबीतून घरावरचा ताबा दाखवणे, अशा साधनांवर त्यांची हुकूमत होती. मायाळू भूमिकेतही त्या हीच साधने वापरत, फक्त क्रम उलटा असे. आधी खेकसायचे, मग नजर चुकवायची.

पुनरागमनातील पहिली ठसठशीत भूमिका ‘प्रभात’च्या ‘रामशास्त्री’ (१९४४) मधील आनंदीबाईची. गजानन जागीरदार यांनी रामशास्त्री प्रभुणे साकारले होते. नारायणराव पेशव्यांच्या खुनाचा आदेश देताना ‘ध’चा ‘मा’ केल्याची आख्यायिका मराठी माणसाला लहानपणापासून पाठ असते, त्यामुळे आनंदीबाईकडून प्रेक्षकाची अपेक्षा आधीच ठरलेली असते. त्या अपेक्षेला पुरून उरणे सोपे नव्हते. व्ही. शांताराम यांच्या ‘अमर भूपाळी’तही (१९५१) त्या होत्या. मात्र हिंदीतील सासूचा साचा पक्का केला तो त्याआधी आलेल्या शांताराम यांच्याच ‘दहेज’ने (१९५०). हुंड्यासाठी सुनेला छळणारी सासू इतकी खरी वाटली, की पुढची तीन दशके निर्माते तीच भूमिका घेऊन त्यांच्या दारी येत राहिले. ‘सौ दिन सास के’ (१९८०) मध्ये थोरल्या सुनेला गांजणारी ही सासू धाकट्या सुनेसमोर नमते. चित्रपटाचे नाव वाचूनच सासू कोण असणार हे प्रेक्षकाने ओळखावे, इतके हे समीकरण घट्ट झाले होते.

आईच्या भूमिकांकडे त्या फार लवकर वळल्या. ‘दाग’ (१९५२) मध्ये त्या दिलीपकुमारच्या आई आहेत, आणि प्रत्यक्षात दोघांच्या वयात सहा वर्षांचे अंतर होते. राज कपूर त्यांच्यापेक्षा आठ वर्षांनी लहान. हिंदी चित्रपटाने स्त्रीला नायिकेनंतर थेट आई करून टाकण्याची रीत तेव्हाच रुजवली होती. लीला चिटणीस, सुलोचना या समकालीन मराठी अभिनेत्रींच्या वाट्यालाही आईच आली, पण सोशिक आणि सात्त्विक. या विभागणीचे एक नेमके उदाहरण बिमल रॉय यांच्या ‘सुजाता’त (१९५९) आहे. अस्पृश्य घरात जन्मलेल्या मुलीला वाढवणारी चारू म्हणजे सुलोचना, आणि त्या मुलीच्या सावलीलाही नाक मुरडणारी बुआ म्हणजे ललिता पवार. ही बुआ दुष्ट नाही. ती सोवळ्याओवळ्यावर मनापासून विश्वास ठेवते, आणि म्हणूनच ती दुष्ट बाईपेक्षा अधिक भयंकर वाटते. एवढी समज त्या भूमिकेत आहे.

१९५५ हे वर्ष त्यांच्या आवाक्याचा अंदाज येण्यासाठी पुरेसे आहे. गुरुदत्तच्या ‘मिस्टर अँड मिसेस ५५’ मध्ये त्या पुरुषद्वेष्ट्या, सुधारक, श्रीमंत सीतादेवी झाल्या. मधुबालाच्या या आत्याची चित्रपटाने यथेच्छ थट्टा केली आहे, आणि स्त्रियांच्या हक्कांबद्दलची चित्रपटाची ती भूमिका आज खटकते. तरीही ललिताबाईंनी सीतादेवीचा ताठा कुठे ढळू दिला नाही. त्याच वर्षीच्या राज कपूरच्या ‘श्री ४२०’ मध्ये त्या मुंबईच्या फुटपाथवर केळी विकणारी गंगामाई आहेत. गावाहून आलेल्या भोळ्या पोराशी ती घासाघीस करते, त्याला झापते आणि नकळत त्याची आई होते.

हाच धागा हृषीकेश मुखर्जी यांनी पुढे नेला. ‘अनाडी’ (१९५९) मधील मिसेस डिसा ही ख्रिस्ती घरमालकीण थकलेल्या भाड्यावरून राज कपूरला फैलावर घेते, पण त्याच्या पोटात काही गेले की नाही याची काळजीही तिलाच. दूषित औषधामुळे तिचा जीव जातो आणि खुनाचा आळ तिच्या लाडक्या भाडेकरूवर येतो. या भूमिकेसाठी ललिताबाईंना सर्वोत्कृष्ट सहायक अभिनेत्रीचे फिल्मफेअर पारितोषिक मिळाले. ‘मेमदीदी’ (१९६१) मध्ये मुखर्जींनी त्यांना शीर्षकभूमिका दिली. चरित्र अभिनेत्रीच्या खांद्यावर संपूर्ण चित्रपट टाकण्याचे असे प्रसंग त्या काळी विरळाच. डेव्हिड, जयंत आणि तनुजा त्यांच्याबरोबर होते. दहा वर्षांनी ‘आनंद’ (१९७१) मध्ये त्या इस्पितळाच्या मेट्रन झाल्या. मुखर्जींनी या मेट्रनचे नावही डिसाच ठेवले आहे. वॉर्डात शिस्तीचा बडगा उगारणारी मेट्रन आनंदपुढे विरघळते तो भाग लहान आहे, पण चित्रपट पाहिलेल्यांना तो हमखास आठवतो.

विनोदाची जाण हा त्यांचा दुर्लक्षित पैलू. ‘जंगली’ (१९६१) मध्ये हसण्याला बंदी असलेल्या खानदानी घराच्या त्या मालकीण आहेत. ‘प्रोफेसर’ (१९६२) मधील काम तर अधिकच बिकट होते. भाच्यांवर करडी नजर ठेवणारी प्रौढ कुमारिका, वयस्कर शिक्षकाच्या वेशात आलेल्या शम्मी कपूरच्या प्रेमात पडते. प्रसंग हास्यास्पद होणे अगदी सहज शक्य होते. ललिताबाई त्यात साजशृंगार करतात, लाजतात, प्रेक्षक हसतो, आणि मग सत्य उघडे पडल्यावर त्या बाईचा झालेला अपमान हसण्यासारखा राहत नाही.

पौराणिक चित्रपटांतही त्यांना मागणी होती. बाबूभाई मिस्त्री यांच्या ‘संपूर्ण रामायण’ (१९६१) मध्ये त्यांनी मंथरा केली. त्यानंतर पाव शतकाने रामानंद सागर यांच्या ‘रामायण’ मालिकेत (१९८७-८८) तीच भूमिका पुन्हा त्यांच्याकडे आली. तेव्हा त्या सत्तरीच्या होत्या. वाकलेली पाठ, काठी आणि कैकेयीच्या कानाशी लागून केलेली कुजबुज रविवारी सकाळी देशभरातील घरांत पोहोचली. ज्या पिढीने त्यांचा एकही कृष्णधवल चित्रपट पाहिला नव्हता, तिला ललिता पवार हे नाव या मंथरेमुळे कळले.

अभिनयासाठी त्यांना १९६१ मध्ये संगीत नाटक अकादमीचा पुरस्कार मिळाला. त्यांनी शेकडो चित्रपटांत काम केले. त्यांपैकी बरेच चित्रपट साचेबंद आहेत, आणि त्यांतील सासवाही एकीसारखी दुसरी. पोटासाठी काम करणाऱ्या चरित्र कलावंताला भूमिका निवडण्याची चैन परवडत नसे, हे ध्यानात घेऊनच त्यांच्या कामाच्या या भागाकडे पाहावे लागते. त्यांचे निधन पुण्यात औंध येथे झाले.