केंब्रिज विद्यापीठ

इंग्लंडच्या पूर्व भागात कॅम नदीच्या काठी वसलेल्या केंब्रिज नगरात तेराव्या शतकाच्या आरंभी उदयास आलेले हे विद्यापीठ इंग्रजीभाषक जगात ऑक्सफर्डच्या खालोखाल जुने आहे. त्याला कोणी एक संस्थापक नाही. राजाज्ञा, धर्मगुरूंचे पाठबळ, राण्यांनी आणि सरदारपत्नींनी दिलेल्या देणग्या आणि अध्यापकांनी स्वतःवर घालून घेतलेले नियम यांच्या थरांतून ते घडत गेले. आज त्यात ३१ महाविद्यालये असून प्रत्येकाची मालमत्ता, नियमावली आणि कारभार स्वतंत्र आहे. परीक्षा घेणे आणि पदव्या देणे हे मात्र विद्यापीठाचे काम आहे. या दुहेरी रचनेमुळेच केंब्रिजचा विद्याव्यवहार इतरांहून वेगळा झाला.

आरंभाची घटना रक्तरंजित आहे. १२०९ मध्ये ऑक्सफर्ड येथे एका स्त्रीची हत्या झाली आणि तिचा संशय एका विद्यार्थ्यावर आला. तो हाती न लागल्याने नगरवासीयांनी त्याच्याबरोबर राहणाऱ्यांना पकडून फाशी दिले. राजा जॉन आणि पोप यांच्यात त्या वेळी तीव्र कलह चालू असल्यामुळे धर्मसंस्थेच्या आश्रयाखालील या विद्यार्थ्यांना राजाकडून संरक्षण मिळण्याची आशा नव्हती. अध्यापन थांबवून अध्यापक व विद्यार्थी पांगले आणि त्यांतील काही केंब्रिजला येऊन स्थिरावले. १२२६ पर्यंत तेथे कुलपतीचे पद अस्तित्वात आले होते, १२३१ मध्ये तिसऱ्या हेन्रीने राजसंरक्षण दिले आणि १३१८ मध्ये पोप बाविसावे जॉन यांनी विद्यापीठाच्या दर्जाला धर्मपीठाची मान्यता दिली.

या काळातील विद्यार्थी बहुधा चौदा-पंधरा वर्षांचे असत आणि गावात भाड्याच्या खोल्यांत किंवा एखाद्या अध्यापकाच्या देखरेखीखालील वसतिगृहात राहत. व्याकरण, तर्क आणि वक्तृत्व, त्यानंतर अंकगणित, भूमिती, संगीत आणि खगोलशास्त्र असा त्यांचा लॅटिनमधून चालणारा अभ्यासक्रम होता. ग्रंथ हस्तलिखित आणि महाग असल्याने अध्यापकाने ते वाचून त्यावर भाष्य करायचे, विद्यार्थ्याने ते ऐकून लक्षात ठेवायचे आणि शेवटी जाहीर वादसभेत एखादे प्रमेय मांडून प्रतिपक्षाचे आक्षेप परतवायचे, अशी शिक्षणाची रीत होती. पदवी मिळायची ती या वादातील कामगिरीवर. आपल्याकडील शास्त्रार्थाची परंपरा ज्यांना माहीत आहे त्यांना ही पद्धत परकी वाटणार नाही.

महाविद्यालय ही कल्पना यानंतरची. ईलीचे बिशप ह्यू डी बॉलशॅम यांनी १२८४ मध्ये स्थापन केलेले पीटरहाउस हे केंब्रिजमधील सर्वांत जुने महाविद्यालय होय. सुरुवातीची महाविद्यालये मुख्यतः पुढील अध्ययन करणाऱ्या मोजक्या विद्वानांसाठी, म्हणजे फेलोंसाठी होती. देणगीदाराच्या आत्म्यासाठी प्रार्थना करणे हाही त्यांच्या कर्तव्याचा भाग असे. चौदाव्या शतकात प्लेगच्या साथीने धर्मोपदेशक आणि कायदेपंडित मोठ्या संख्येने मृत्युमुखी पडले आणि त्यांची जागा भरून काढण्यासाठी नॉर्विचचे बिशप विल्यम बेटमन यांनी १३५० मध्ये ट्रिनिटी हॉल हे महाविद्यालय उभे केले. त्यानंतर दोनच वर्षांनी नगरातील व्यापारी-कारागिरांच्या संघांनी कॉर्पस ख्रिस्टीची स्थापना केली. नगरवासीयांनी स्वतः उभारलेले महाविद्यालय म्हणून त्याचे वेगळेपण आहे.

हे सांगण्याचे कारण असे की नगर आणि विद्यापीठ यांचे संबंध एरवी कटू होते. १३८१ च्या शेतकरी उठावात केंब्रिजच्या लोकांनी विद्यापीठाच्या सनदा आणि कागदपत्रे बाजारचौकात जाळली. उठाव चिरडल्यानंतर राजाने पाव आणि बिअर यांची प्रत व भाव ठरवण्याचा, तसेच बाजारावर देखरेख करण्याचा अधिकार विद्यापीठालाच देऊन टाकला. पुढील कित्येक शतके विद्यापीठाच्या शिस्त-अधिकाऱ्यांना रस्त्यावरील स्त्रियांना केवळ संशयावरून पकडून स्वतःच्या कोठडीत डांबता येत असे. हा अधिकार १८९४ मध्ये कायद्याने संपुष्टात आला, हे लक्षात घेतल्याशिवाय त्या भव्य इमारतींचा इतिहास पुरा होत नाही.

राजघराण्याचा वरदहस्त पंधराव्या शतकात अधिक ठळक झाला. सहाव्या हेन्रीने १४४१ मध्ये किंग्ज कॉलेजची स्थापना केली. त्याच्या प्रार्थनामंदिराचे काम १४४६ मध्ये सुरू झाले आणि यादवी युद्धांमुळे रखडत १५१५ मध्ये बांधकाम पुरे झाले. पंख्याच्या पात्यांसारखे उलगडत जाणारे त्याचे दगडी छत इंग्लिश गॉथिक वास्तुकलेतील एक शिखर मानले जाते. सातव्या हेन्रीची आई लेडी मार्गारेट बोफर्ट हिच्या औदार्यातून क्राइस्ट्स (१५०५) आणि सेंट जॉन्स (१५११) ही महाविद्यालये उभी राहिली, तर आठव्या हेन्रीने १५४६ मध्ये जुन्या संस्था एकत्र करून ट्रिनिटी स्थापन केले.

डच विद्वान इरॅस्मस १५११ ते १५१४ या काळात क्वीन्स कॉलेजात राहून ग्रीक शिकवत होता आणि मूळ ग्रीक पाठावरून बायबलचा विचार करण्याची त्याची दृष्टी येथे रुजली. १५२० नंतरच्या दशकात व्हाइट हॉर्स या खाणावळीत जमून ल्यूथरच्या मतांची चर्चा करणाऱ्या तरुण अध्यापकांच्या वर्तुळातून इंग्लंडच्या धर्मसुधारणेला नेतृत्व मिळाले. क्रॅन्मर, लॅटिमर आणि रिडली हे तिघेही केंब्रिजचे. कॅथलिक मेरी राणीच्या राजवटीत तिघांनाही जिवंत जाळण्यात आले. आठव्या हेन्रीने रोमशी संबंध तोडल्यावर चर्चच्या कायद्याचे अध्यापन बंद केले, १५३४ मध्ये विद्यापीठाला ग्रंथ छापण्याचा परवाना दिला आणि १५४० मध्ये धर्मशास्त्र, हिब्रू, ग्रीक, कायदा आणि वैद्यक या विषयांची राज-अध्यासने निर्माण केली. प्रत्यक्ष छपाई १५८४ मध्ये सुरू झाली आणि ग्रंथांचे प्रकाशन आजतागायत चालू आहे. त्याच वर्षी स्थापन झालेल्या इमॅन्युएल कॉलेजात शुद्धिवादी (प्युरिटन) मतांचे प्राबल्य होते. तेथे शिकलेल्या जॉन हार्वर्डच्या देणगीमुळे त्याचे नाव अमेरिकेतील पहिल्या महाविद्यालयाला मिळाले.

आयझॅक न्यूटन १६६१ मध्ये ट्रिनिटीत दाखल झाला. १६६५ मध्ये प्लेगमुळे विद्यापीठ बंद पडल्यावर तो गावी परतला आणि कलन (कॅल्क्युलस), प्रकाश आणि गुरुत्वाकर्षण यांविषयीच्या त्याच्या कल्पना त्या एकांतात आकार घेऊ लागल्या. १६६९ मध्ये आयझॅक बॅरो यांच्यानंतर त्याला गणिताचे ल्यूकेशियन अध्यासन मिळाले आणि १६८७ मध्ये त्याचा ‘प्रिन्सिपिया’ प्रसिद्ध झाला. केंब्रिजला गणिताची जी ओढ लागली ती या ग्रंथापासून. मात्र ही निष्ठा पुढे जड झाली. कलनाचा शोध कोणाचा या न्यूटन–लायब्निट्स वादात केंब्रिजने न्यूटनच्या बिंदुचिन्हांना, म्हणजे अक्षरावर बिंदू देऊन कलन लिहिण्याच्या पद्धतीला, इतके घट्ट धरून ठेवले की युरोप खंडात बर्नुली, ऑयलर आणि लाग्रांज गणिताला कोठल्या कोठे नेत असताना न्यूटनचे स्वतःचे विद्यापीठ मागे पडले. १८१२ मध्ये चार्ल्स बॅबेज, जॉन हर्शेल आणि जॉर्ज पीकॉक या विद्यार्थ्यांनी ॲनालिटिकल सोसायटी काढून खंडातील पद्धतीचा पुरस्कार केला आणि नंतर पीकॉकने परीक्षक झाल्यावर नवी चिन्हे प्रश्नपत्रिकेतच आणून हा प्रश्न निकालात काढला.

प्रश्नपत्रिकेत आले की विषय रूढ होतो, हे केंब्रिजमध्ये खरे ठरले, कारण तोवर परीक्षा ही तेथील विद्याजीवनाचा कणा बनली होती. अठराव्या शतकात लॅटिन वादसभेची जागा हळूहळू सेनेट हाउसमधील लेखी परीक्षेने घेतली. गणिती ट्रायपॉस या नावाने ओळखल्या जाणाऱ्या या परीक्षेत पहिल्या वर्गातील विद्यार्थ्यांना रँग्लर म्हणत आणि त्यांतील पहिल्याला सीनियर रँग्लर. अगदी शेवटच्या यशस्वी उमेदवाराच्या वाट्याला लाकडी चमचा येई. १८२४ मध्ये अभिजात भाषांची ट्रायपॉस सुरू झाली तेव्हादेखील तिला बसण्यासाठी आधी गणितात प्रावीण्य मिळवावे लागे. व्याख्यानांपेक्षा खासगी शिकवणीला महत्त्व आले. विल्यम हॉपकिन्स आणि एडवर्ड राउथ हे शिकवणीतले सर्वांत नावाजलेले शिक्षक. एकट्या राउथ यांच्या हाताखालून वीसहून अधिक सीनियर रँग्लर बाहेर पडले.

या व्यवस्थेचे मूल्यमापन सरळ नाही. तिने प्रमाणाबाहेर घोकंपट्टी आणि शर्यतीचा ज्वर वाढवला; गणिती जी. एच. हार्डी हे स्वतः रँग्लर असूनही तिचे कठोर टीकाकार झाले, ते यासाठीच. उलटपक्षी केल्व्हिन, जेम्स क्लार्क मॅक्सवेल आणि जे. जे. टॉमसन हे तिघेही या परीक्षेत दुसरे आले होते, आणि भौतिकीतील प्रश्न गणिताने सोडवण्याची त्यांची हातोटी या तालमीतून आली होती, असे म्हणणे योग्य होईल. गुणानुक्रमे नावे जाहीर करण्याची प्रथा १९०९ च्या परीक्षेनंतर बंद झाली.

महाराष्ट्राचा या परीक्षेशी आलेला संबंध खोल आहे. दापोली तालुक्यातील मुर्डी गावचे रघुनाथ पुरुषोत्तम परांजपे हे फर्ग्युसन महाविद्यालयातून शिकून सरकारी शिष्यवृत्तीवर सेंट जॉन्स कॉलेजात गेले आणि १८९९ मध्ये बर्टविसल या इंग्रज विद्यार्थ्याच्या बरोबरीने सीनियर रँग्लर ठरले. हा मान मिळवणारे ते पहिले भारतीय होत. सरकारी नोकरीचे मोठे मार्ग मोकळे असताना डेक्कन एज्युकेशन सोसायटीच्या अल्प वेतनावर फर्ग्युसनमध्ये येऊन ते १९०२ मध्ये प्राचार्य झाले, आणि परीक्षेतील यशाहूनही हा निर्णय मोठा मानावा लागेल. त्यांची कन्या शकुंतला परांजपे यांनीही न्यूनम कॉलेजात राहून गणिताची ट्रायपॉस दिली. गणेश सखाराम महाजनी हेही रँग्लर. तेही पुढे फर्ग्युसनचे प्राचार्य झाले. चिंतामणराव देशमुख यांनी जीझस कॉलेजात निसर्गविज्ञानाचा अभ्यास केला. विष्णु वासुदेव नारळीकर आणि त्यांचे पुत्र जयंत नारळीकर हे पिता-पुत्र दोघेही रँग्लर. जयंतरावांनी फ्रेड हॉईल यांच्या मार्गदर्शनाखाली केंब्रिजमध्ये विश्वरचनाशास्त्रात संशोधन केले, तेथे अध्यापन केले आणि १९७२ मध्ये भारतात परतून पुढे पुण्यात ‘आयुका’ या खगोलशास्त्र-संशोधन केंद्राची उभारणी केली. परीक्षेच्या चाकोरीबाहेरून आलेले श्रीनिवास रामानुजन यांना मात्र हार्डी यांनी १९१४ मध्ये ट्रिनिटीत बोलावून घेतले. १९१८ मध्ये ते तेथील फेलो झाले.

एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत येथील पदवी अँग्लिकन पंथीयांपुरती मर्यादित होती. ते बंधन बहुतांश पदव्यांसाठी १८५६ मध्ये आणि पदे व फेलोशिपसाठी १८७१ मध्ये दूर झाले. स्त्रियांना मात्र दीर्घकाळ थांबावे लागले. गर्टन (१८६९) आणि न्यूनम (१८७१) या महाविद्यालयांत त्या शिकू लागल्या आणि १८८१ पासून त्यांना परीक्षेला रीतसर बसता येऊ लागले. पण पदवी नव्हती. १८९० मध्ये न्यूनमच्या फिलिपा फॉसेट यांना सीनियर रँग्लरपेक्षाही अधिक गुण मिळाले. नावांच्या यादीत त्यांचा क्रम ‘सीनियर रँग्लरच्या वर’ असा वाचला गेला, तरी तो किताब त्यांना मिळाला नाही. स्त्रियांना पदव्या देण्याचा प्रस्ताव १८९७ मध्ये ६६१ विरुद्ध १,७०७ मतांनी फेटाळला गेला आणि विरोधकांनी सायकलवर बसलेल्या स्त्रीचा पुतळा सेनेट हाउससमोर टांगला. पूर्ण पदवी आणि सदस्यत्व त्यांना १९४८ मध्ये मिळाले. ज्ञानाच्या बाबतीत इतक्या पुढे असलेल्या संस्थेने न्यायाच्या या साध्या गोष्टीला जवळजवळ ऐंशी वर्षे लावली, हा तिच्या इतिहासावरील डाग आहे.

प्रायोगिक विज्ञानालाही येथे उशिराच घर मिळाले. कुलपती असलेल्या डेव्हनशरच्या सातव्या ड्यूकने दिलेल्या पैशातून १८७४ मध्ये कॅव्हेंडिश प्रयोगशाळा सुरू झाली आणि मॅक्सवेल तिचे पहिले प्राध्यापक झाले. जे. जे. टॉमसन यांनी १८९७ मध्ये इलेक्ट्रॉनचे अस्तित्व सिद्ध केले. रदरफर्ड यांच्या कारकिर्दीत १९३२ या एकाच वर्षी चॅडविक यांना न्यूट्रॉन सापडला आणि कॉक्रॉफ्ट व वॉल्टन यांनी कृत्रिमरीत्या वेग दिलेल्या कणांनी अणुकेंद्र फोडले. १९५३ मध्ये वॉटसन आणि क्रिक यांनी डीएनएची दुहेरी सर्पिल रचना मांडली ती याच प्रयोगशाळेत. लंडनला रोझलिंड फ्रँकलिन यांनी घेतलेली क्ष-किरण छायाचित्रे तिला आधारभूत होती, आणि फ्रँकलिन याही न्यूनमच्या विद्यार्थिनी होत्या.

आजही विद्यार्थी आधी महाविद्यालयाचा असतो आणि मग विद्यापीठाचा. मिकलमस, लेंट आणि ईस्टर या तीन सत्रांत प्रत्यक्ष अध्यापन जेमतेम आठ-आठ आठवडे चालते. व्याख्याने आणि प्रयोग विद्यापीठाचे विभाग चालवतात. पण विद्यार्थ्याने लिहिलेला निबंध किंवा सोडवलेली गणिते घेऊन एक-दोघांनी शिक्षकासमोर बसायचे आणि प्रत्येक विधानाचा जाब द्यायचा, ही ‘सुपरव्हिजन’ महाविद्यालयाच्या जबाबदारीवर होते. विद्यापीठाच्या ग्रंथालयाला ब्रिटनमध्ये प्रसिद्ध होणाऱ्या प्रत्येक पुस्तकाची प्रत मागण्याचा कायदेशीर हक्क आहे, आणि त्यातील पुष्कळशी पुस्तके वाचकाला स्वतः कपाटातून काढून घेता येतात. पुरुषांच्या महाविद्यालयांनी १९७२ पासून स्त्रियांना प्रवेश द्यायला सुरुवात केली. मॉडलिन हे यांतील शेवटचे महाविद्यालय १९८८ मध्ये खुले झाले. न्यूनम आणि मरे एडवर्ड्स ही महाविद्यालये आजही स्त्रियांसाठी राखीव आहेत.