अश्वत्थाम्याचा मणी: सौप्तिक पर्व, अस्तंबा आणि खानदेशातले स्फटिक

"भळभळती जखम घेऊन फिरणारा अश्वत्थामा" असं मराठीत सहज म्हटलं जातं. ती जखम जिथे आहे तिथे आधी एक मणी होता, हे मात्र बोलण्यातून गळून गेलं आहे. खानदेशाच्या मातीतलं जादूचं रत्न कल्पून गोष्ट किंवा खेळ रचायचा असेल, तर सुरुवात या मण्यापासून करावी. त्याचे नियम मूळ ग्रंथात नेमके दिले आहेत आणि पुढे ते कसे बदलत गेले, तेही दिसतं.

महाभारताच्या सौप्तिक पर्वात मण्याचे गुण अश्वत्थामा स्वतःच सांगतो. तो बांधला की शस्त्र, रोग आणि भूक यांचं भय उरत नाही. देव, दानव, नाग, राक्षस, चोर यांचीही भीती नाही. पांडव आणि कौरवांच्या सगळ्या धनापेक्षा त्याचं मोल जास्त आहे, असा त्याचा दावा आहे. आता या यादीत काय नाही ते पाहा. मणी अमरत्व देत नाही, अस्त्रविद्या देत नाही, मन तर अजिबात सांभाळत नाही. झोपलेल्या पांडव छावणीत रात्री केलेल्या संहारानंतर भीम आणि त्याच्यामागून कृष्णार्जुन येताना दिसले, तेव्हा मणी डोक्यावर असूनही अश्वत्थामा घाबरला. त्या घबराटीतच त्याने गवताच्या काडीवर ब्रह्मशिर अस्त्र योजलं. अर्जुनाने उत्तरादाखल सोडलेलं आपलं अस्त्र मागे घेतलं. अश्वत्थाम्याला ते जमलं नाही आणि त्याचं अस्त्र उत्तरेच्या गर्भावर गेलं. रत्नाची ताकद जितकी रेखीव, तितकीच तिची मर्यादाही रेखीव. कल्पित रत्न रचताना बहुतेकांची चूक नेमकी इथे होते. ताकदीची यादी लांबत जाते, मर्यादा ठरवायची राहून जाते आणि चौथ्या प्रसंगापर्यंत नायकाला कशाचाच धोका उरत नाही.

मणी अंगाचा भाग की दागिना, याचं उत्तर मूळ संहिता एकच एक देत नाही. एका ठिकाणी तो 'सहज', म्हणजे जन्मासोबत आलेला आहे. दुसऱ्या ठिकाणी तो 'बांधण्याची' भाषा आहे. सौप्तिक पर्वात तो कोणी कापून घेत नाही. व्यासांच्या सांगण्यावरून अश्वत्थामा तो देऊन टाकतो, पांडव तो द्रौपदीकडे आणतात आणि तिच्या इच्छेवरून युधिष्ठिर तो मस्तकी धारण करतो. भागवताच्या पहिल्या स्कंधात चित्र वेगळं आहे. तिथे अर्जुन तलवारीने केसांसकट मणी काढतो.

आज लोकांच्या डोळ्यांसमोर असलेला अश्वत्थामा या तुकड्यांतून घडला आहे. पू आणि रक्ताचा दुर्गंध घेऊन एकट्याने रानोमाळ भटकणं सौप्तिक पर्वातल्या कृष्णाच्या शापातून आलं. शापाची मुदत मात्र ३,००० वर्षांची आहे. कायमचं जगणं आलं ते सात चिरंजीवांच्या परंपरेतून. मणी कापून काढण्याचं दृश्य भागवताचं. आणि जखमेसाठी तेल मागत फिरणं लोकांनी दिलं.

हे तेल मागणं खानदेशात फार जिवंत आहे. नंदुरबार जिल्ह्यातल्या अक्राणी भागात, सातपुड्यात, सुमारे १,३२५ मीटर उंचीचा अस्तंब्याचा डोंगर आहे. हा अश्वत्थाम्याचा डोंगर मानतात आणि त्याला अस्तंबा ऋषी म्हणतात. दिवाळीत, धनत्रयोदशीच्या सुमारास इथे यात्रा भरते. तळोद्याकडून रानवाटांनी माणसं पायी चढतात. पूर्वेला बुऱ्हाणपूरजवळ असीरगड आहे. फारुकी सुलतानांचा हा किल्ला १६०१ मध्ये अकबराच्या हाती गेला. आज तो मध्य प्रदेशात असला तरी जुन्या खानदेशाचं बळ तिथेच होतं. गडावरच्या महादेवाला पहाटे अश्वत्थामा फूल वाहून जातो, अशी तिथली श्रद्धा. दोन्ही ठिकाणी भर आहे तो भटकणाऱ्या माणसावर. मणी कुठे गेला, हे तिथे कथेच्या केंद्रात नाही. म्हणून नवं रत्न रचणाऱ्याने ते सापडण्यापेक्षा ते गेल्यानंतर काय उरतं, हे आधी ठरवावं. इथली गोष्ट त्याच बळावर टिकली आहे.

मण्याला देह द्यायला दगड दुरून आणायची गरज नाही. जळगाव जिल्ह्यातल्या खदानींमध्ये बेसाल्ट या काळ्या दगडाच्या पोकळ्यांत अपोफिलाइट, स्टिल्बाइट, ह्यूलँडाइट या खनिजांचे स्फटिक सापडतात. सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हात वायूचे बुडबुडे अडकले. नंतर त्या पोकळ्यांमध्ये खनिजयुक्त पाणी झिरपलं आणि स्फटिक वाढले. यातला अपोफिलाइट मण्यासाठी सगळ्यात योग्य. पारदर्शक किंवा फिकट हिरवा, जवळजवळ चौकोनी ठोकळ्यासारखा, आणि वरच्या सपाट पृष्ठावर माशाच्या डोळ्यासारखी मोतिया चमक. हिरवी छटा व्हॅनेडियममुळे येते.

अंगठीत मात्र तो टिकत नाही. खनिजांची कठिणता मोजण्याच्या १ ते १० या मोस मापावर त्याची कठिणता ४.५ ते ५ इतकीच आहे. हवेतल्या धुळीत क्वार्ट्‌झचे कण असतात, त्यांची कठिणता ७. त्यामुळे रोजच्या पुसण्यानेच तो ओरखडत जातो. जडवताना सोनाराची ज्योत लागली तर आतलं पाणी वाफ होऊन निघतं आणि दगडाचे पापुद्रे सुटतात. अपोफिलाइट हे नावही ग्रीक भाषेतून या पापुद्र्यांवरूनच आलं. आम्लात बुडवू नये, अल्ट्रासॉनिक यंत्रात धुऊ नये. साधं कोमट पाणी आणि मऊ ब्रश पुरे.

गोष्टीसाठी सगळ्यात मोलाचा गुण वेगळाच आहे. हा स्फटिक तळाला समांतर अशा एकाच दिशेने अगदी सफाईने दुभंगतो. कपाळात रुतलेला असा मणी तलवारीच्या टोकाने उचकटला, तर तो मुळासकट निघणार नाही. वरचा चमकता भाग अर्जुनाच्या हाती येईल आणि नखाएवढा सपाट पापुद्रा कातडीखाली राहील. मग त्यावर कितीही तेल घातलं तरी जखम भरायची नाही.